हेरपट संपल्यावर खरी मोहीम: सुट्टीतल्या एका दुपारची सविस्तर तयारी

हेरपट बघून उठलेल्या मोठ्या माणसाला गाड्यांची पळापळ आठवते. आठ वर्षांच्या मुलीला विचारा. ती सांगेल, त्या मुलानं भिंतीतलं दार कसं उघडलं आणि ते दार तिथं आहे हे त्याच्या आईबाबांना कसं ठाऊकच नव्हतं. मुलांची गोडी इथं आहे: एक गोष्ट मला माहीत आहे, मोठ्यांना नाही, आणि ती मला माहीत असण्यावरच सगळं अडलं आहे. एरवी दिवसभर मुलांना मोठे सांगतात, दप्तर भर, दूध पी, चपला नीट ठेव. पडद्यावर तासभर हे उलटं होतं.

कौटुंबिक हेरपटाचा साचाही त्यावरच बेतलेला असतो. रॉबर्ट रॉड्रिग्ज यांचा 2001 सालचा ‘स्पाय किड्स’ घ्या. हेर असलेले आईवडील पकडले जातात आणि सोडवायला निघतात ती मुलं. आईवडील चांगले आहेत, हुशार आहेत, पण नेमके आत्ता हाताशी नाहीत. या ‘नेमके आत्ता’ला फार महत्त्व आहे. आईबाबा कायमचे गेले तर ती शोककथा होते, आणि शेजारीच उभे असले तर मुलांना काही कामच उरत नाही.

ही दुपार, म्हणजे आधी हेरपट आणि मग घरातच चिठ्ठ्या सोडवत खजिना शोधायची मोहीम, आखताना एक कसोटी धरून ठेवा: निर्णय मुलांनी घ्यायचे. चित्रपट निवडताना तीच आणि घरातली मोहीम रचतानाही तीच.

पंचवटीतली जुनी हेरकथा

नाशिकच्या मुलांना हेरकथेची ओळख वेगळी करून द्यावी लागत नाही. पंचवटीत घडलेल्या गोष्टीत हेरगिरीची हत्यारं आधीच आहेत. सोन्याचं हरीण झालेला मारीच म्हणजे चकवा. यतीच्या रूपात दाराशी आलेला रावण म्हणजे वेषांतर. पुढं हनुमान लहान रूप घेऊन रात्री लंकेत शिरतो, आणि हा आपल्याच बाजूचा आहे हे सीतेला पटतं ते रामाच्या मुद्रिकेमुळे. ती झाली ओळखीची खूण. परत येताना तो चूडामणी आणतो, म्हणजे निरोप खरोखर पोचला याचा पुरावाही गोष्टीतच आहे.

त्र्यंबकेश्वरला 1870 साली जन्मलेल्या दादासाहेब फाळक्यांनी 1917 मध्ये याच कथेवर ‘लंकादहन’ काढला. त्यात राम आणि सीता या दोन्ही भूमिका अण्णा साळुंके यांनी केल्या होत्या. वेषांतर म्हणजे काय ते मुलांना सांगायला एवढी माहिती पुरते.

चित्रपट सुरू होण्याआधी मुलांना तीनच शब्द द्या: खूण, वेषांतर, चकवा. बघताना हे तीन कुठं सापडतात ते हेरायचं. संपल्यावर ‘काय शिकलास?’ मात्र विचारू नका. आपल्याकडे हा प्रश्न सहलीपासून सर्कशीपर्यंत सगळ्यालाच विचारला जातो, आणि ऐकताच मुलाच्या चेहऱ्यावर परीक्षेतला भाव येतो. ‘चकवा कुठं होता?’ विचारलंत तर सहा मुलं एकदम बोलू लागतात.

चित्रपट निवडताना

आधी प्रमाणपत्र बघा. नोव्हेंबर 2024 पासून सेन्सॉर बोर्डाच्या ‘यूए’ वर्गाचे तीन भाग झाले: यूए 7+, यूए 13+ आणि यूए 16+. त्याआधीच्या चित्रपटांवर नुसतं ‘यूए’ असतं आणि त्यातून वय कळत नाही. ओटीटीवर 2021 च्या नियमांपासून वयोगट आणि त्यामागचं कारण (हिंसा, भाषा, भीती) सुरुवातीलाच कोपऱ्यात येतं. ते दोन-चार सेकंदच दिसतं, म्हणून आदल्या रात्री बघून ठेवा. यूए 7+ म्हणजे सात वर्षांच्या प्रत्येक मुलाला चालेल, असं मात्र नाही. पालकांनी ठरवावं, एवढाच त्याचा अर्थ.

आदल्या रात्री अख्खा चित्रपट बघायला वेळ नसेल तर तीन तुकडे बघा: पहिली पंधरा मिनिटं, बरोबर मधली दहा आणि शेवटची वीस. बघताना पुढच्या गोष्टी तपासा.

कुलूप कोण उघडतं? शेवटच्या अडचणीतून मुलं स्वतःच्या डोक्यानं सुटतात, की एखादा काका हेलिकॉप्टर घेऊन येतो? काका येत असेल तर चित्रपट कितीही झगमगीत असला तरी दुसरा शोधा. मुलांना तो बघताना आवडतो, पण तो बघून खेळावंसं काही वाटत नाही.

आईबाबा पकडले जातात तो प्रसंग कसा आहे? सात वर्षांखालच्या मुलांना स्फोटापेक्षा याचीच धास्ती जास्त वाटते. स्फोट खोटा आहे हे त्यांना कळतं. आई घरी आली नाही, हे खोटं वाटत नाही. हा प्रसंग लांबलचक असेल, किंवा अंधारात आणि रडारडीत असेल, तर लहान मूल शेजारी घेऊन बसा आणि आईबाबा परत येणार आहेत हे आधीच सांगून टाका. उत्सुकता कमी होत नाही. कसे परत येणार, हे तर त्याला बघायचंच असतं.

चेहरे विद्रूप होतात का? या प्रकारच्या चित्रपटांत खलनायकाच्या प्रयोगशाळेत माणसांचं भलतंच काहीतरी झालेलं दाखवतात. दिवसा हसणाऱ्या मुलाला रात्री दोन वाजता आठवतं ते तेच.

भाषेचंही आधीच बघा. मराठी डबिंग क्वचित मिळतं. आठ वर्षांखालच्या मुलांचं खालच्या अक्षरांकडे बघता बघता चित्राकडे दुर्लक्ष होतं, त्यांच्यासाठी हिंदी डब बरं. दहाच्या पुढच्यांना मूळ इंग्रजी आणि खाली अक्षरं चालतात. हेरपटात शब्दखेळ बरेच असतात आणि डबिंगमध्ये ते हरवतात, हे मान्य करून चला.

लांबी नव्वद ते शंभर मिनिटं असावी. दोन तासांवर गेलात तर मोहिमेला मुलं दमलेली मिळतील.

बघण्याची दुपार

चार ते सहा मुलं पुरेत. त्यापेक्षा जास्त झाली की दोन गट पडतात, आणि एक गट सोफ्यामागे वेगळाच खेळ सुरू करतो. सोसायटीच्या हॉलमध्ये किंवा गच्चीवर पडदा लावून सगळ्यांना बोलवायचा मोह आवरा. ओटीटीचं वर्गणीपत्र घरगुती बघण्यापुरतं असतं. जाहीर खेळाला हक्कदाराची परवानगी लागते.

मे महिन्यात नाशिकला सूर्यास्त सातच्या सुमाराला होतो. साडेतीनला चित्रपट लावा, सव्वाचारला मध्यंतर, साधारण सव्वापाचला संपेल. खाणं झालं की पावणेसहाला मोहीम आणि पावणेसातला शेवट, उजेड असतानाच. दिवाळीच्या सुट्टीत सहाच्या सुमारालाच सूर्य मावळतो, म्हणून सगळं तासभर अलीकडे घ्या.

43 इंची टीव्हीपासून गादी पाच-सहा फुटांवर टाका. अगदी कडेला बसलेल्याला रंग फिके दिसतात, म्हणून मध्यंतरात जागा बदला. पडदे ओढा पण एक दिवा चालू ठेवा. मिट्ट काळोखात धाकट्यांची भीती दुप्पट होते.

आवाजाची एक ठरलेली कटकट असते: संवाद ऐकू येत नाहीत म्हणून आवाज वाढवावा, तर पुढच्याच स्फोटाला शेजारी दार वाजवतात. टीव्हीच्या किंवा ॲपच्या ध्वनीच्या पर्यायात 5.1 निवडलेलं असेल तर स्टीरिओ करा. 5.1 मध्ये संवाद मधल्या स्पीकरसाठी वेगळे ठेवलेले असतात आणि टीव्हीला तो स्पीकर नसतो. काही टीव्हींमध्ये ‘नाइट मोड’ असतो. तो मोठे आवाज दाबतो आणि बारीक वर आणतो.

चिवडा मध्यंतरात द्या, चालू चित्रपटात नको. सहा तोंडांच्या कुरकुरीत कुजबुजलेला सांकेतिक शब्द हमखास निसटतो आणि मग ‘मागे घे, मागे घे’ सुरू होतं.

मोहिमेची आखणी

आदल्या दिवशी दोन तास काढा. रचना नेहमी शेवटाकडून सुरू करायची: खजिना कुठं, तिथं पोचवणारी चिठ्ठी कोणती, ती कुठं लपवायची, असं मागे मागे या. सुरुवातीपासून पुढं रचत गेलं की तिसऱ्या टप्प्याला एकच जागा दोनदा वापरली जाते. जागा आणि चिठ्ठ्या एका कागदावर लिहून तो कागद खिशात ठेवा. चिठ्ठी कुठं ठेवली हे लपवणाराच विसरतो, आणि हे वाटतं त्यापेक्षा जास्त वेळा होतं.

दोन संघांची शर्यत एका घरात नको. दोघं एकाच माठापाशी धडकतात. एकच तुकडी करा आणि तिच्यात चार कामं वाटा: उकल करणारा, शोधणारा, नोंद ठेवणारा आणि खूण सांभाळणारा. दर टप्प्याला कामं फिरवा, नाहीतर थोरला शेवटपर्यंत उकल करणारा राहतो आणि धाकटी रुसते.

पाच टप्पे पुरेत. खाली एक आखणी दिली आहे. घर बघून बदला.

टप्पा पहिला: वर्ग आणि बाराखडी

इंग्रजी अक्षरं तीन-तीन घरं सरकवायची युक्ती सगळ्या पुस्तकांत असते. देवनागरीला त्याची गरज नाही. आपल्या वर्णमालेत क ते म ही पंचवीस व्यंजनं पाच-पाचच्या पाच ओळींत मुळातच मांडलेली आहेत. कूटलिपीसाठी याहून सोयीचा तक्ता दुसऱ्यानं करून दिला नसता.

1: क ख ग घ ङ
2: च छ ज झ ञ
3: ट ठ ड ढ ण
4: त थ द ध न
5: प फ ब भ म
6: य र ल व श
7: ष स ह ळ

पहिला आकडा ओळीचा, दुसरा घराचा. म्हणजे ग झाला 13, ठ झाला 32. मग तिरकी रेघ मारून बाराखडीचा क्रमांक: अ 1, आ 2, इ 3, ई 4, उ 5, ऊ 6, ए 7, ऐ 8, ओ 9, औ 10, अं 11, अः 12. ‘गोदा’ असं लिहायचं: 13/9 43/2. अर्ध्या अक्षराला शून्य: ‘रस्ता’ म्हणजे 62/1 72/0 41/2. शब्द स्वरानं सुरू होत असेल तर व्यंजनाच्या जागी शून्य: ‘आजी’ म्हणजे 0/2 23/4. मात्रा आणि टिंब दोन्ही असतील, जसं ‘कुंडी’त, तर आकड्याच्या डोक्यावरही टिंबच द्या.

पहिली चिठ्ठी: 55/2 32/2 12/2 63/4 । 53/1 14/1

मुलांना तक्ता द्या, बाराखडीची यादी द्या आणि बाजूला व्हा. उत्तर ‘माठाखाली बघ’.

इथं चुका ठरलेल्या आहेत. तिरक्या रेघेऐवजी आडवी मारली की मुलं वजाबाकी करतात. ‘बॉक्स’, ‘कॅलेंडर’ असे शब्द टाळा, कारण ऑ आणि ॲ बाराखडीच्या बारात नाहीत. क्ष आणि ज्ञ असलेले शब्दही नकोत. मजकूर दहा अक्षरांपर्यंतच ठेवा. पहिल्यांदा अक्षरामागे अर्धा-एक मिनिट जातं, आणि वीस अक्षरांचं कोडं म्हणजे गृहपाठ.

माठाखाली पाणी ठिबकतं, म्हणून तिथली चिठ्ठी धुतलेल्या दुधाच्या पिशवीत घालून ठेवा.

हातात पाच मिनिटं असतील तर मुलांना सांगा की आपल्या परंपरेतल्या चौसष्ट कलांमध्ये सांकेतिक लेखन ही एक कला मोजलेली आहे. तिचं नाव म्लेच्छितविकल्प. नाव मुलं लगेच पाठ करतात, कारण ते उच्चारायलाच गंमत आहे.

टप्पा दुसरा: यादीच्या ओळींमधला लिंबू

माठाखाली निघते ती किराणा-भाजीची यादी: कांदे 1 किलो, कोथिंबीर 1 जुडी, साबुदाणा अर्धा किलो. हा चकवा. खरा मजकूर ओळींच्या मधे लिंबाच्या रसानं लिहिलेला असतो.

साहित्य: अर्धं लिंबू, अर्धा चमचा पाणी, कानातली कापूसकाडी, झेरॉक्सचा साधा कागद. यादी आधी बॉलपेननं लिहा. जेलपेन नको, ते ओलाव्यानं फुटतं आणि लिंबू कुठं लागलं ते उघड होतं. काडी रसात बुडवून कडेला निथळून घ्या आणि ओळींमधे मोठ्या अक्षरांत लिहा. एकदा गेलेल्या रेघेवर पुन्हा फिरवू नका. वीस मिनिटं सपाट ठेवून वाळवा. पंख्याखाली ठेवलात तर कागद वाकतो.

उघडायची वेळ आली की इस्त्री सुती कपड्यांच्या खुणेवर, वाफ बंद. कागदावर जुनं सुती फडकं टाकून पंधरा-वीस सेकंद दाबा, उचलून बघा, पुन्हा दाबा. रस लागलेला भाग बाकीच्या कागदाआधी तपकिरी होतो, सगळी करामत तेवढीच. फार वेळ दाबलं तर सगळा कागदच तांबूस होतो आणि अक्षर बुडतं. इस्त्री मोठ्यानं धरायची. पुस्तकांत सुचवलेली मेणबत्ती नको. सहा डोकी ज्योतीवर वाकतात आणि कागद पेटायला क्षण लागत नाही.

मजकूर आलाच नाही तर रसात पाणी जास्त झालं किंवा कागद गुळगुळीत, चकचकीत होता. न तापवताच दिसत असेल तर रस जास्त झाला आणि कागद सुरकुतला.

इथला मजकूर: ‘आजीला खूण दाखवा’.

टप्पा तिसरा: आजी

मोहिमेच्या पहिल्या पाकिटात काही न सांगता एक पितळी अंगठी ठेवलेली असते. मुलं ती बहुतेक वेळा बाजूला टाकतात. आता तिची आठवण होते आणि सोफ्याखाली शोधाशोध सुरू होते. पंचवटीची मुद्रिका ती हीच. हनुमानानं ती टाकून दिली असती तर काय झालं असतं, हे त्या क्षणी मुलांना कुणी सांगावं लागत नाही.

अंगठी दिसल्याशिवाय आजीनं एक शब्द बोलायचा नाही. आज्या इथंच पाघळतात, म्हणून त्यांना आधी दोनदा बजावा. अंगठी दाखवल्यावर आजी च-च्या भाषेत बोलते: पहिलं अक्षर शेवटी न्यायचं आणि पुढं च लावायचा. ‘काय’ होतं ‘चयका’, ‘आहे’ होतं ‘चहेआ’. आजीचा निरोप: ‘चडूमागेझा चघब’.

निरोप एकदाच, नेहमीच्या वेगानं. नोंद ठेवणाऱ्यानं ऐकलं तसं लिहायचं. ‘झाडूमागे बघ’ सापडलं की मुलांना भाषेची अशी चटक लागते की पुढचे चार दिवस घरात दुसरं काही ऐकू येत नाही. एकाक्षरी शब्द सरळ च लावून बोलतात: ‘मी’चं ‘चमी’. आजीला ही भाषा तुमच्यापेक्षा चांगली येत असेल, तर शिकवायचं कामही तिलाच द्या.

टप्पा चौथा: हळदीची परीक्षा

पांढऱ्या कपड्यावरचा हळदीचा डाग साबण लावताच लाल होतो, हे घरात सगळ्यांनी पाहिलेलं असतं. हळद आणि चुन्यापासून कुंकू होतं तेही याच गुणानं. हळदीतला पिवळा रंग क्षार लागला की लालसर होतो.

झाडूमागे सापडतो तो कोरा दिसणारा कागद. तो असा तयार करा: एक चमचा खायचा सोडा चार चमचे पाण्यात ढवळून पाच मिनिटं ठेवा. सगळा विरघळणार नाही. वरचं निवळ पाणी घेऊन कापूसकाडीनं लिहा आणि पूर्ण वाळू द्या. दुसऱ्या वाटीत अर्धा चमचा हळद आणि दोन मोठे चमचे पातळ सॅनिटायझर. कापसाचा बोळा त्यात बुडवून पिळा आणि कागदावर टेकवत टेकवत फिरवा. घासलंत तर अक्षर फिसकटतं. सॅनिटायझरऐवजी पाणी वापरलं तर सोडा पुन्हा विरघळून पसरतो आणि मजकुराचा ढग होतो. अक्षर नारिंगी-तांबूस येतं. धुण्याच्या सोड्यानं ते गडद लाल होईल, पण तो मुलांच्या हातात नको. चुनाही नको, डोळ्यात गेला तर इजा होते. सॅनिटायझर पेटतं, म्हणून हे काम स्वयंपाकघरात, गॅसजवळ करू नका. खाली वर्तमानपत्र अंथरा आणि कपड्याला डाग पडलाच तर धुऊन कडक उन्हात टाका. हळदीचा रंग उन्हात उडतो.

मजकूर: ‘100 ची नोट मागा’.

टप्पा पाचवा: नाशिकरोडची नोट

नाशिकरोडला 1920 च्या दशकापासून सरकारी छापखाने आहेत. आधी इंडिया सिक्युरिटी प्रेस झाली, मग 1928 मध्ये करन्सी नोट प्रेस. नकली ओळखता यावी म्हणून खऱ्यात काय काय दडवायचं असतं, हे या शहरातल्या कित्येक घरांचं रोजचं काम आहे. पडद्यावरच्या चमत्कारिक यंत्रांपेक्षा शंभराची एक नोट मुलांना जास्त वेळ गुंतवते, असं आमचं ठाम मत आहे.

2018 पासूनची जांभळट नोट घ्या, मागे राणी की वाव असलेली. कोरी, न मळलेली हवी; वापरून गुळगुळीत झालेल्या नोटेवरच्या उंच रेषा बोटाला लागत नाहीत. सोबत साधं भिंग. आधी मुलांना पाच मिनिटं नुसती बघू द्या. उजेडासमोर धरली की मोकळ्या जागेत गांधीजींचा चेहरा आणि 100 चा आकडा उमटतो. तिरपी केली की सुरक्षा धागा हिरव्याचा निळा होतो, आणि त्यावर ‘भारत’ लिहिलेलं असतं. क्रमांकाचे आकडे डावीकडून उजवीकडे मोठे होत जातात.

मग नोटेसोबत दिलेल्या चिठ्ठीतले दोन प्रश्न. पुढच्या बाजूला एका कडेच्या तिरप्या उठावदार रेषा किती? डोळे मिटून बोटानं मोजायच्या: 4. या रेषा दृष्टिहीनांना नोट ओळखता यावी म्हणून असतात. मागच्या पट्टीत भाषा किती? 15. मिळून 415, आणि तोच खजिन्याच्या बॅगेच्या तीन आकडी कुलपाचा क्रमांक.

भाषा मोजताना एक गंमत होते. ‘मराठी कितवी?’ असं विचारलंत तर बरीच मुलं घाईनं चुकीची ओळ दाखवतात, कारण कोंकणी, नेपाळी आणि संस्कृत याही देवनागरीतच असतात. मराठी आठवी.

कुलूप लावण्याआधी क्रमांक स्वतः तीनदा लावून बघा. स्वस्त कुलपांत क्रमांक चुकून बदलला जातो, आणि मग ऐन शेवटी कुलूप पक्कडीनं फोडावं लागतं.

अडलं तर काय करायचं

पाच मिनिटं काहीच हललं नाही तर एक सूचना, तीही प्रश्नाच्या रूपात: ‘पाकिटात अजून काही होतं का?’ उत्तर सांगू नका. लपवलेल्या जागेकडे बघूही नका. मुलं चिठ्ठीपेक्षा तुमचे डोळे आधी वाचतात आणि मग मोहीम तुमच्या चेहऱ्यावर चालते.

चिठ्ठ्या मुलांच्या नजरेच्या उंचीवर, एकाच मजल्यावर. गॅस, बाल्कनीचा कठडा, विजेचं मीटर, पाण्याची टाकी, लिफ्ट आणि पार्किंग वर्ज्य, आणि ही यादी मुलांना आधीच वाचून दाखवा. जुन्या नाशिकातल्या वाड्यात राहत असाल तर माळा आणि तळघरही त्यात घाला. हेरपट बघून आलेल्या मुलाला भुयार शोधल्याशिवाय चैन पडत नाही. वॉचमन आणि शेजाऱ्यांनाही कल्पना द्या.

गुपिताबद्दल एक नियम

हा भाग छोटा आहे, पण वगळू नका. पडद्यावर मुलं अनोळखी माणसांच्या मागावर जातात, दाराला कान लावतात, दुसऱ्याचा फोन उघडतात. खेळात हे तीनही बंद, आणि का ते सांगा: ज्याच्यावर नजर ठेवायची त्याला खेळ चालू आहे हे माहीत हवं.

दुसरं, गुपित दोन प्रकारचं असतं. वाढदिवसाच्या भेटीचं गुपित ठरलेल्या दिवशी फुटतंच. पण कुणी मोठ्या माणसानं ‘हे आईबाबांना सांगू नकोस’ म्हटलं, तर ते गुपित त्याच दिवशी आईबाबांना सांगायचं, आणि त्याबद्दल कुणीही रागावणार नाही. संकटातल्या मुलांसाठी 1098 हा क्रमांक आहे. तो तक्त्याच्या मागे लिहून द्या.

दुसऱ्या दिवसासाठी

मुलांची हौस टिकली असेल तर सकाळी लवकर पांडवलेणी. चोवीस लेण्यांचा समूह आहे. पायथ्याशी फाळके स्मारक. तिसऱ्या क्रमांकाच्या लेण्यात गौतमीपुत्र सातकर्णीची आई गौतमी बलश्री हिचा लेख ब्राह्मी लिपीत आहे. मधल्या काळात ही लिपी कुणालाच वाचता येत नव्हती. 1837 मध्ये जेम्स प्रिन्सेप यांनी ती उलगडली. कालच तक्ता घेऊन सहा अक्षरं सोडवलेल्या मुलाला हे ऐकून त्या भिंतीकडे बघायला सांगा. ब्राह्मीचा तक्ता छापून न्या, एकेका मुलाला एकच अक्षर द्या आणि ते लेखात कुठं कुठं येतं ते शोधू द्या. हात लावायचा नाही, खडूनं गिरवायचं नाही. चढताना पाणी बरोबर हवंच. दहानंतर उन्हात पायऱ्या नकोशा होतात.

खऱ्या हेरांची गोष्ट सांगायची असेल तर बहिर्जी नाईकांची सांगा. 1664 ची सुरतेची स्वारी आणि त्यासाठी आधी जमवलेली माहिती, एवढं पुरे. 1670 च्या दुसऱ्या स्वारीहून परतताना मराठ्यांची मोगलांशी गाठ पडली ती वणी-दिंडोरीजवळ, म्हणजे याच जिल्ह्यात. कौटिल्याच्या अर्थशास्त्रात हेरांचे वेष दिलेले आहेत: विद्यार्थी, गृहस्थ, व्यापारी, तापस, भिक्षुकी. मुलांना यादी वाचून दाखवा आणि विचारा, यातला कुणी गर्दीत उठून दिसेल का? मग पडद्यावरच्या काळ्या चष्म्याचं आणि काळ्या कोटाचं काय करायचं ते त्यांचं ते ठरवतील.

संध्याकाळी डाव उलटा. मुलं चिठ्ठ्या लिहितील आणि आईबाबा शोधतील. तक्ता तोच, अंगठी तीच. कोडं येत असूनही न आल्याचं नाटक करू नका, ते मुलांना लगेच कळतं. बहुधा नाटकाची वेळ येतही नाही, कारण मुलांनी अर्धी अक्षरं चुकीच्या घरात टाकलेली असतात. अडलात तर पाच मिनिटं थांबून एकच सूचना मागायची, आणि ती त्यांनी प्रश्नाच्या रूपातच द्यायची.